सीन मागून घे

ताई,
मी 27 वर्षांची, मूळची सातारा जिल्ह्यातली. अडीच वर्षं झाली, अंधेरीत एका संकलकांकडे सहायक आहे. रात्री आठला जाते, पहाटे चारला निघते. शूटिंगचा डेटा उतरवून घेणं, प्रॉक्सी (फुटेजच्या हलक्या कॉप्या) बनवणं, आवाज चित्राशी सिंक करणं, फोल्डर लावणं आणि कट लॉक झाला, म्हणजे पक्का ठरला, की साउंडवाल्यांना, व्हीएफएक्सवाल्यांना टर्नओव्हर (त्यांना लागणारं सगळं मटेरियल) देणं हे माझं काम. तीन सिनेमे झाले. एकही सीन मी कापलेला नाही. दिवाळीत आईबाबांना घेऊन त्यातला एक सिनेमा बघायला साताऱ्यात गेले. शेवटची नावं सुरू झाली तसे दिवे लागले, लोक उठले आणि माझं नाव यायच्या आत ऑपरेटरनं सिनेमा बंद केला. बाहेर आल्यावर बाबांनी विचारलं, "मग तू नेमकं काय केलंस यात?" मला सांगता आलं नाही. बाबा एसटीत कंडक्टर होते, दोन वर्षांपूर्वी रिटायर झाले. त्यांच्या शेवटच्या ड्युटीचं तीन तासांचं शूटिंग मी मोबाइलवर केलंय, शेवटच्या डबल बेलपर्यंत. तेही तसंच पडून आहे. आता पुण्यातली एक एजन्सी रील्स एडिट करायला 45 हजार देतेय. इथे 26 हजार मिळतात, तेही दोन-दोन महिने उशिरा. जाऊ का? पडद्यामागे राहून, कुणाला न दिसता, हे काम आयुष्यभर करण्यासारखं आहे का?
– एक सहायक संकलक, अंधेरी

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. पहिल्यांदा साताऱ्याच्या थिएटरात लागलेल्या दिव्यांपाशी थांबले. दुसऱ्यांदा थांबले ते "एकही सीन मी कापलेला नाही" या वाक्यापाशी. तू ते जाता जाता लिहून गेलीस. माझ्या मते तुझं सगळं दुखणं तिथंच आहे.

नावाचं आधी बोलू. वामन भोसले हे नाव तू ऐकलं असशील, बाबांनी बहुधा नाही. गोव्यातल्या पोंबुर्फ्याचा हा माणूस कामाच्या शोधात मुंबईला आला, बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली उमेदवारी केली, मग फिल्मिस्तान स्टुडिओत सहायक म्हणून राहिला. स्वतंत्र संकलक म्हणून 'दो रास्ते' आला 1969 मध्ये. पुढे गुरुदत्त शिराळींच्या जोडीनं 'मेरा गाँव मेरा देश', 'आँधी', 'दोस्ताना', 'कर्ज' असे कितीतरी सिनेमे केले, 'इन्कार'साठी राष्ट्रीय पुरस्कार घेतला. एप्रिल 2021 मध्ये ते गेले. स्टँडवरच्या टपरीत चहा पिताना बाबांनी ज्या सिनेमांची गाणी ऐकली असतील, त्यातले बरेच या माणसाच्या हाताखालून गेलेत. बाबांना त्यांचं नाव ठाऊक नाही, आणि त्यात बाबांचं काही चुकलेलं नाही. लाखो लोकांनी सिनेमा बघावा आणि आपल्याला कुणी ओळखू नये, हे खरोखरच सहन होत नसेल तर आत्ताच दुसरं काही बघ. त्यात कमीपणा नाही.

पण तुझ्या पत्रात मला ते दिसत नाही. बाबांनी "तुझं नाव कुठंय" असं विचारलंच नव्हतं. त्यांनी विचारलं, "तू काय केलंस?" तुला उत्तर सुचलं नाही, कारण तुला अजून कुणी काही करायलाच दिलेलं नाही.

आता तू म्हणशील, भोसलेही दहा-बारा वर्षं सहायक होते, मग मीही थांबते. नको थांबूस. त्या काळातलं थांबणं आणि तुझं थांबणं यांत फरक आहे. मी दोन्ही काळांत काम केलंय, म्हणून जरा सविस्तर सांगते.

मी 1993 मध्ये या कामात आले तेव्हा आम्ही खरीखुरी फिल्म कापत होतो. स्टीनबेक नावाचं मोठ्या टेबलाएवढं मशीन, त्यावर चित्राचं रीळ वेगळं आणि आवाजाची मॅग्नेटिक पट्टी वेगळी. 35 मिलिमीटरच्या एका फुटात 16 फ्रेम बसतात आणि सेकंदाला 24 फ्रेम जातात, म्हणजे दीड फूट फिल्म म्हणजे एक सेकंद. माझे सर, म्हणजे मी ज्यांची सहायक होते ते संकलक, जाड पेन्सिलीनं फ्रेमवर रेघ मारायचे, स्प्लायसरमध्ये कापायचे, टेपनं जोडायचे आणि उरलेला तुकडा मागे न बघता माझ्या हातात द्यायचे. तो नंबर बघून बिनवर, म्हणजे तुकडे टांगायच्या चौकटीवर, टांगायचा. "तिसऱ्या टेकचं शेपूट दे" म्हणाले की त्या टेकचा शेवटचा तुकडा लगेच हातात द्यायचा. दोन फ्रेमचा तुकडा हरवला म्हणून मी मोज्यांवर फरशीवर बसून तासभर शोधलाय. पण या सगळ्यासाठी मला दिवसभर त्यांच्या खुर्चीमागे उभं राहावंच लागे. ते काय काढतात, काढलेलं परत का मागतात, दिग्दर्शक चिडला की काय दाखवतात आणि काय उद्यावर ढकलतात, हे सगळं मला आपोआप दिसायचं. मला समोर बसवून कुणी शिकवलं नाही. मशीनलाच दुसरा माणूस लागायचा, म्हणून मी तिथे होते.

दुसऱ्याच वर्षी एका सिनेमात एक सीन बसत नव्हता. मुलगी घर सोडून निघालेय असं सांगते आणि बाप तिला चार वाक्यांत उत्तर देतो. नट कसलेला होता, चारही वाक्यं नीट म्हणत होता. तरी सीन कोरडा जायचा. तुकडे टांगताना मला पाचव्या टेकचं शेपूट दिसलं. दिग्दर्शकानं 'कट' म्हटल्यावर कॅमेरा प्रत्यक्ष थांबेपर्यंत दोन-अडीच सेकंद जातात. तेवढ्यात त्या नटानं चष्मा काढला होता आणि काचा पुसायला सदऱ्याचं टोक चाचपत होता. ते त्याच्या हाताला लागत नव्हतं. त्याचं काम संपलं होतं, पण चेहऱ्यावरचा बाप अजून उतरला नव्हता. मी घाबरत घाबरत म्हटलं, "सर, हे एकदा बघता का?" साडेतीन फूट फिल्म होती. सरांनी ती तीनदा पुढेमागे केली, काही न बोलता चारही वाक्यं काढली आणि ती साडेतीन फूट लावली. मुलगी बोलते, बाप सदऱ्याचं टोक शोधतो, दाराची कडी वाजते.

वर्तमानपत्रांत त्या नटाचं भरभरून कौतुक झालं. व्हायलाच हवं होतं, बोटं त्याचीच होती. सिनेमाच्या नावांत मी नव्हते. निर्मात्यांकडून म्हणे राहून गेलं. त्या रात्री मी खूप रडले, हे तुझ्यापासून लपवत नाही. पण त्या दिवशी कुणी मला "तू काय केलंस" असं विचारलं असतं, तर मला उत्तर देता आलं असतं.

आता तुझी खोली बघ. कॉम्प्युटरवर संकलकाला तुकडा हातात द्यायला कुणी लागत नाही. त्याला लागतं ते सकाळी तयार असलेलं, नीट लावलेलं फुटेज. म्हणून तुझी पाळी रात्रीची. ते दुपारी येतात तेव्हा तू झोपलेली असतेस, तुमची गाठ पडते ती व्हॉट्सअ‍ॅपवर. तू त्यांचे निर्णय बघतेस ते निर्णय होऊन गेल्यावर, स्क्रीनवरच्या टाइमलाइनच्या, म्हणजे जोडलेल्या तुकड्यांच्या पट्टीच्या, रूपात. यात त्यांचा दुष्टपणा असेलच असं नाही. त्यांच्या ध्यानातही आलं नसेल. पण परिणाम असा, की आमच्या पिढीला जे शिक्षण न मागता मिळालं ते तुझ्या पिढीला मागून घ्यावं लागतं. न मागता आणखी पाच वर्षं गेली तर तुझे फोल्डर अंधेरीत सगळ्यांत नीटनेटके असतील, आणि सीन तरीही कापलेला नसेल.

रात्रीचं हे काम मला हलकं वाटतं असं समजू नकोस. सिंक एका फ्रेमनं चुकलं तर पुढे डबिंगपर्यंत त्रास होतो. कॅमेऱ्याचं एक कार्ड कॉपी न करता फॉरमॅट झालं तर पन्नास माणसांचा दिवस गेला. शिवाय त्या कामातून तुझ्याकडे एक अशी गोष्ट आलीय जी त्या खोलीत दुसऱ्या कुणाकडे नाही. प्रत्येक टेक तू पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत बघितलायस. दिग्दर्शक सेटवर मॉनिटरसमोर होता, पण त्याच्या डोक्यात पाऊस, नटाची संपत आलेली तारीख आणि मावळता उजेड होता. संकलकाला शुक्रवारी कट दाखवायचाय. शांत डोक्यानं सगळं पाहणारी तू एकटी आहेस.

म्हणून आज रात्रीपासून एक वही ठेव. सिंक करताना जिथे तुझा हात आपोआप थांबतो तिथलं लिही. "टेक 4 चांगला" असं नको, ते कुणाच्याच उपयोगाचं नाही. "टेक 4, उत्तर द्यायच्या आधी ती उतू जाणाऱ्या दुधाकडे बघते" असं लिही. पहाटे निघताना रोजच्या निरोपाखाली अशा तीनच ओळी पाठव. जास्त नको, तीनच. पंधरा दिवसांत कधीतरी त्यांतली एक ओळ कटमध्ये गेलेली तुला दिसेल, किंवा त्यांचा "हे कुठलं म्हणतेस?" असा फोन येईल. तो फोन आला की सीन माग.

मागताना "मलाही शिकायचंय" असं मोघम बोलू नकोस. त्यावर "हो, बघू" याखेरीज उत्तर येत नाही. नेमकं बोल. "सर, सीन 42 तुम्ही अजून घेतलेला नाही. तुमच्या टाइमलाइनला हात न लावता, वेगळ्या सिक्वेन्समध्ये मी तो लावून ठेवू का? रविवारी लावते. आवडला नाही तर डिलीट करा, पण दहा मिनिटं माझ्यासोबत बसून का नाही आवडला ते सांगा." ती शेवटची दहा मिनिटं सोडू नकोस. तुझी खरी कमाई त्यात आहे.

सीन मिळाला की त्यावर पार्श्वसंगीत टाकू नकोस. उसन्या संगीतानं कुठलाही कट बरा वाटतो आणि चूक झाकली जाते. एकदा आवाज पूर्ण बंद करून बघ, कोण काय लपवतंय ते चेहऱ्यावरून कळतं का ते तपास. आणि बोलणाऱ्यावरच कॅमेरा ठेवायची सवय लागू देऊ नकोस. मारणारं वाक्य असेल तेव्हा ज्याला ते लागतंय त्याचा चेहरा प्रेक्षकाला बघायचा असतो. नवीन सहायकांचे कट मी बघते तेव्हा दहातल्या आठ वेळा हीच चूक असते: जो बोलतो तो दिसतो, वाक्य संपलं की कट. तो सीन नसतो, संवादांची यादी असते.

दोन महिने दे. दोनदा नेमकं मागूनही सीन मिळाला नाही तर ती जागा सोड, अपराधी वाटून घेऊ नकोस. पण संकलन सोडू नकोस. माहितीपट करणारा कुणी गाठ, कमी पैशांतला मराठी सिनेमा गाठ. तिथे माणसं कमी असल्यानं सहायकाच्या हातात सीन पडतोच. माहितीपटात तर पटकथाही बऱ्याचदा संकलनाच्या टेबलावरच लिहिली जाते. शंभर तासांतून दीड तास काढताना जे शिकायला मिळतं, ते दुसरीकडे मिळणं कठीण.

पुण्याच्या नोकरीबद्दल. रील्स म्हणजे खालच्या दर्जाचं काम, असं म्हणणाऱ्यांतली मी नाही. नागपूरचे राजकुमार हिरानी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनच शिकले, नंतर कित्येक वर्षं जाहिराती करत होते, 2000 मध्ये 'मिशन कश्मीर' कापला आणि 2003 मध्ये स्वतःचा पहिला सिनेमा केला. तीस सेकंदांत गोष्ट सांगायची शिस्त पुढे उपयोगी पडते. रील्सनं तुझा हात जलद होईल. पण पहिल्या दोन सेकंदांत बघणाऱ्याला पकडायचं आणि मग श्वास घेऊ द्यायचा नाही, हे रोज आठ तास केलं तर थांबण्याची सवय मोडते. सदऱ्याचं टोक चाचपणाऱ्या माणसावर सव्वादोन सेकंद टिकून राहायला जी छाती लागते, ती तिथे कुणी वाढवणार नाही. माझं स्पष्ट मत: घरात कर्ज असेल, आजारपण असेल, तर खुशाल जा, एक वर्षाची मुदत स्वतःशी ठरवून जा आणि तिथे असताना कुणाची तरी शॉर्टफिल्म हातात ठेव. तसं काही नसेल आणि बाबांच्या त्या प्रश्नापासून सुटका हवी म्हणून निघाली असशील, तर जाऊ नकोस. तो प्रश्न पुण्यातही येईल. साताऱ्याहून पुणे जवळ आहे, उलट जास्त वेळा येईल.

पैशांचं थोडक्यात, पण हे कर म्हणजे कर. पुढचा सिनेमा सुरू होण्याआधी महिन्याचा आकडा, तो कोणत्या तारखेला मिळणार आणि श्रेयनामावलीत 'सहायक संकलक' म्हणून नाव, या तीन गोष्टी मेलवर लिहून घे. तोंडी नको. पहाटे चारला सुटतेस तर घरापर्यंत गाडी माग, तो तुझा हक्क आहे. मुंबईत असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्स ही आपल्या लोकांची संघटना आहे. सभासद कसं व्हायचं त्याची चौकशी कर. पैसे अडकले की एकटीनं फोन करत बसण्यापेक्षा पाठीशी कुणीतरी असलेलं बरं.

आणि माणसं जोड. मोठ्या नावांच्या मागे धावायला सांगत नाही. तुझ्याच वयाचे, तुझ्यासारखेच अडकलेले दिग्दर्शक बघ. रेणू सलुजा माहीत आहेत ना? 'जाने भी दो यारो' त्यांनी कापला, कुंदन शाहांचा. 'परिंदा' विधू विनोद चोप्रांचा, 'धारावी' सुधीर मिश्रांचा, 'सरदार' केतन मेहतांचा, 'गॉडमदर' विनय शुक्लांचा. या शेवटच्या चार सिनेमांसाठी चार राष्ट्रीय पुरस्कार. 2000 मध्ये त्या गेल्या तेव्हा जेमतेम 48 वर्षांच्या होत्या. कुंदन शाह आणि विधू विनोद चोप्रा त्यांना कुठे भेटले? पुण्यात, लॉ कॉलेज रस्त्यावरच्या प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या आवारात, त्याच फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलन शिकत असताना, जेव्हा कुणाचंच नाव झालं नव्हतं. संकलकाचा जन्म असाच जातो: तीन-चार दिग्दर्शक आणि त्यांच्यासोबत अंधाऱ्या खोलीत काढलेली वर्षं. 'आयुष्यभर करण्यासारखं आहे का' असं विचारलंस म्हणून सांगते, माझी ती वर्षं मला कुणाशीही बदलायची नाहीत. पाठ दुखते, डोळे चुरचुरतात, सणवार चुकतात. तरीही.

आता बाबा.

त्यांना तोंडी समजावायला जाऊ नकोस. माझ्या आईलाही मी कितीदा समजावलं होतं. ती शेजारणींना "फिल्मी कंपनीत आहे" एवढंच सांगायची. शेवटी एका रविवारी मी तिला एडिटिंग रूममध्ये आणून स्टीनबेकसमोर बसवलं. एक मुलगा उशिरा घरी येतो, आई विचारते "कुठे होतास?" आणि तो म्हणतो "मित्राकडे." एवढंच. आधी मी ते जसंच्या तसं दाखवलं, प्रश्न आणि लगेच उत्तर. मग उत्तराच्या आधी त्याच मुलाचा दुसऱ्या टेकमधला एक फूट लावला, त्यात तो नुसता दाराकडे बघतो. आई म्हणाली, "पहिल्यांदा तो खरं बोलत होता. आता खोटं बोलतोय." मी म्हटलं, "आई, वाक्य तेच आहे." ती बराच वेळ मशीनकडे बघत बसली. मग म्हणाली, "आणि हे तू केलंस?" त्यानंतर तिनं शेजारणींना काय सांगितलं ते मला माहीत नाही, पण मला परत कधी विचारलं नाही.

तुझ्याकडे तीन तासांचं फुटेज आहे. दोन वर्षं पडून आहे, कारण ते कापायचं म्हणजे बाबा निवृत्त झाले हे पक्कं करायचं, असं मला वाटतं. चुकत असेन तर सांग. पण ते तुझंच आहे. त्यासाठी कुणाची परवानगी नको, रात्रीची पाळी नको, कुणी सीन द्यायची वाट बघायला नको. बारा मिनिटांच्या आत बसव. तिकिटं, सुट्टे पैसे, रोजचे प्रवासी, डेपोतला हार, हे सगळं असेलच. भाषणं बहुतेक जातील, हार घातलेल्या फोटोंवर रेंगाळू नकोस. आणि शेवटच्या डबल बेलचे दोन कट कर. एकात हात दोरीकडे गेला की लगेच बेल. दुसऱ्यात हात दोरीवर आहे, आणि बेल अजून दिलेली नाही. तिथे किती थांबायचं ते तू ठरव. बारा फ्रेम, चोवीस, चाळीस, लावून बघ. एकाही आकड्याचं कारण तुला सांगता येणार नाही, पण बरोबर आकडा आला की कळेल.

पुढच्या सुट्टीत लॅपटॉप घेऊन गावी जा, बाबांना शेजारी बसव आणि दोन्ही दाखव, एकामागून एक. मध्ये काही बोलू नकोस. मग मला लिही, ते काय म्हणाले.